पडद्यावरचं जेवण

जूनमध्ये कॅनडातल्या न्यूफाउंडलंडजवळच्या एका लहान बेटावर सिनेमावाले आले आणि महिनाभर लोकांच्या पायांत घोटाळत राहिले. नटनट्या कुणी नव्हत्या. मासे चिरणाऱ्या बाया, जाळी विणणारे म्हातारे, जे जसं होतं तसं त्यांनी टिपलं. ऑक्टोबरात त्यांच्यातला हॅलोरन फिल्म घेऊन परतला. बाहेर दाखवण्याआधी ती बेटावरच्यांनी बघायची, कुणाला स्वतःचं काही खटकलं तर तेवढं कापायचं, असा त्यांचा शिरस्ता.

शाळेच्या खोलीत शेगडी पेटली होती, ओल्या लोकरीचा वास सुटला होता. पडद्यावर गावातली हेटी पाठमोरी मासे चिरताना दिसली.

"अगं बाई! माझं बूड एवढं रुंद आहे?"

"समुद्र दिसेना तेव्हाच आम्हाला कळलं," मागून कुणीतरी म्हणालं. सगळे खदखदून हसले.

मग डॉर्कसचं स्वयंपाकघर आलं आणि हसू थांबलं. टेबलाशी डॉर्कस, तिचा नवरा अँब्रोज आणि मुलगा लेवाय. लेवाय सप्टेंबरात होडीसकट बुडाला. प्रेतही हाती लागलं नाही. घरात त्याचा फोटोसुद्धा नव्हता. इथे मात्र तो खारवलेला मासा आणि भिजवलेला पाव चापत होता, भरल्या तोंडाने हसत होता.

"काकी, हे कापू का?" हॅलोरनने हळूच विचारलं.

"खबरदार हात लावलास तर. पुन्हा दाखव."

त्याने रीळ मागे घेतलं. या वेळी लेवाय हसला नाही. जेवणाला त्याने हातही लावला नव्हता, आणि पायात होडीवर घालायचे बूट होते.

अँब्रोज टोपी चुरगाळत कुजबुजला, "मघाशी त्याच्या पायात बूट होते का गं?"

"गप बस तू. दाखव रे पुन्हा."

"रीळ तेच आहे, काकी," हॅलोरन म्हणाला. त्याला कुणी विचारलं नव्हतं.

तिसऱ्या वेळी लेवाय जेवणावरून उठला. खुंटीवरचा मेणकापडाचा कोट त्याने अंगात चढवला. पडद्यावरची डॉर्कस मान खाली घालून पाव मोडत राहिली. तिच्याकडे अजून जूनच होता.

लेवायचा हात कडीवर गेला.

खोलीतली डॉर्कस उठून उभी राहिली. "लेवाय! जाऊ नकोस रे राजा! लेवाय!"

तो थबकला.



पडद्यावरच्या डॉर्कसने मान वर केली. कान दिला.

"बाहेरून कुणीतरी हाका मारतंय तुला," ती म्हणाली. "फार कळवळून मारतंय. जा बाळा, बघून ये."

लेवाय गेला. दार उघडंच राहिलं.

तिने उठून ते लोटून घेतलं. मग त्याचं ताट निवू नये म्हणून त्यावर दुसरं ताट पालथं घातलं, आणि वाट बघत बसली.