बारावी संगीन कोणी नेली?

"मुठीला धर, पात्याला नको! घामाचा हात लागला की लोखंड गंजतं!"

ऑगस्टीनकाका असे ओरडले की संकेतने चटका बसल्यासारखा हात मागे घेतला.

पॉलिन फिदीफिदी हसली. "तुमच्या तुळिंजच्या फ्लॅटमध्ये संगिनी नसतात वाटतं?"

"आमच्या फ्लॅटमध्ये पाणी नसतं, तू संगिनींचं काय घेऊन बसलीस!"

संकेत मे महिन्याच्या सुट्टीत वसईला पॉलिनकडे राहायला आला होता. तुळिंजला फ्लॅट घेण्याआधी त्याचे आईबाबा याच वाडीत भाड्याने राहायचे. पॉलिनचे ऑगस्टीनकाका बोटीवर नोकरीला होते. बाकीचे लोक बंदरावर उतरले की घड्याळं घ्यायचे, अत्तरं घ्यायचे. हा माणूस जुन्या बाजारात फिरून संगिनी आणायचा! बंदुकीच्या तोंडाला लावायचं ते टोकदार हत्यार. त्यांच्याकडे बारा होत्या. रविवारी शाळेच्या हॉलमध्ये त्यांचं प्रदर्शन होतं आणि माहितीच्या चिठ्ठ्या लिहायचं काम तिघांवर होतं: संकेत, पॉलिन आणि शेजारची दीपिका.

दीपिका मोठ्याने वाचत होती. "पहिल्या संगिनीला लाकडी मूठ असे. ती बंदुकीच्या नळीत बुचासारखी ठोकत."

"मग गोळी कुठून सुटणार?" संकेतने विचारलं.

"सुटायचीच नाही! शत्रू धावत आला की बसा बूच काढत!"

"शहाणेच होते की!"

"म्हणून मग नळीभोवती बसणारं कडं निघालं," काका म्हणाले. "टोकही राहिलं आणि गोळीही सुटायला लागली. पुढे हातभर लांब तलवारीसारख्या संगिनी आल्या. आणि दुसऱ्या महायुद्धात ही आली."

बारावी संगीन. तिला मूठ नाही, पातं नाही. नुसता वीतभर काळा सुळा, बुडाला बंदुकीवर बसवायची खोबण.

"ही तर सुई वाटते!" पॉलिन म्हणाली.

"शिपाईसुद्धा हसायचे तिला. पण हसू नका. हिच्यावरचा नंबर बघा. एकेका संगिनीचा जन्मदाखला असतो तो."

तेवढ्यात बाहेरून लूर्डसआजीची हाक आली. लूर्डसआजी म्हणजे काकांची आई. पॉलिनच्या ताईचं दुसऱ्या दिवशी लग्न होतं, मांडव भरला होता आणि आजीच्या तोंडाचा पट्टा पहाटेपासून चालू होता. "ऑगस्टीन! लग्न पोरीचं आहे की तुझ्या सुळ्यांचं? बाहेर ये!"

सगळे धावले. संगिनी टेबलावर तशाच राहिल्या. दार कोणी लावलं नाही. मोठ्या माणसांना पोरांचे हात दिसतात, स्वतःचं उघडं दार दिसत नाही!

दुपारी परत येऊन मोजल्या, तर अकरा! काळा सुळा गायब!

दीपिका तेव्हा फुलं आणायला गेली होती. पॉलिनने वही काढली. "खोलीत कोण कोण गेलं?"

"मी एकालाच पाहिलं!" संकेतचे डोळे चमकले. त्याला वाटलं, झालं, आपण गुप्तहेर झालो! "काळूरामआजोबा आतून बाहेर आले. पंच्यात काहीतरी गुंडाळलं होतं. लांबट!"

काळूराम म्हणजे दीपिकाचे आजोबा. तीस वर्षं ऑगस्टीनकाकांच्या केळीच्या वाडीची राखण त्यांनी केली होती. पॉलिन म्हणाली, "अरे, आधी विचारू या." पण विचारण्यात कसली मजा? संकेत धावत मांडवात गेला आणि भरल्या पाहुण्यांत ओरडला, "काका, तुमची संगीन काळूरामआजोबांनी नेली! त्यांच्या पंच्यात आहे!"

सगळ्या माना कोपऱ्यात उभ्या असलेल्या काळूरामकडे वळल्या.

काकांनी एवढंच म्हणायला हवं होतं की काहीतरीच काय बोलतोस. ते म्हणाले, "काळूराम, जरा पंचा उघड."

काळूराम हलले नाहीत. मग सावकाश त्यांनी पंचा सोडला. आत दोन भाकऱ्या होत्या आणि भाजलेले चार बोंबील. भाकरीच्या गुंडाळीतून बोंबलांच्या शेपट्या बाहेर आल्या होत्या.

"मी दिल्या त्याला!" लूर्डसआजी कडाडली. "सकाळपासून पानी पिऊन काम करतोय. त्याच्या पंच्यात हात घालता, लाजा वाटत नाहीत?"

काळूरामनी भाकऱ्या तिथेच ठेवल्या. कमरेचा कोयता काढून शेजारी ठेवला. "येतो, मालक," म्हणाले आणि गेले. तीस वर्षांत त्यांनी काकांना मालक म्हटलं नव्हतं. ऑगस्टीनभाऊ म्हणायचे.

फुलांची पाटी घेऊन दीपिका मांडवाच्या तोंडाशी उभी होती. तिने सगळं पाहिलं होतं.

संकेतला कोणी मारलं नाही, रागावलंही नाही. कोणी त्याच्याकडे बघेचना. एक सणसणीत बसली असती तर बरं झालं असतं, असं त्याला वाटलं. शेवटी तो मांडवामागे गेला. तिथे दीपिका नारळाच्या सोडणांच्या, म्हणजे सोललेल्या सालींच्या ढिगापाशी बसली होती आणि पॉलिन शेजारी उभी होती.

"दीपिका, मी..."

"पॉलिन, त्याला सांग, मी त्याच्याशी बोलत नाही. आणि त्याला हेही सांग की इकडे ये आणि हे बघ."

पॉलिन मधे उभी राहून म्हणाली, "ती बोलत नाही. इकडे ये आणि बघ."

"आजोबा पहारीवर नारळ सोलतात. पहार जमिनीत रोवायची, कमरेएवढी उंच असते. तीन दणके, तीन फाकं! हा सगळा ढीग त्यांचा आहे. आणि हे बघ."

कडेला तीन नारळ पडले होते. सोडण कसं, तर कुत्र्याने फाडलेल्या गादीसारखं! सगळे धागे लोंबत होते, पण नारळ काही बाहेर आला नव्हता.

"भोकं बघ, केवढुशी! वीतभर सुळ्यावर नारळ सोलायला गेलं कोणीतरी," दीपिका म्हणाली. "वाडीतल्या पोरालासुद्धा कळतं की ही पहार नव्हे. ज्याने आयुष्यात पहार पाहिली नाही, त्याचं काम आहे हे."

तिघांनी सोडणं उपसली. खाली केळीचा कापलेला बुंधा होता. त्यात बुडाकडून रुतवलेली, टोक वर आलेली बारावी संगीन! आणि बुंध्यावर रक्ताचे वाळलेले थेंब!

"सापडली!" पॉलिन नाचायला लागली.

संकेत नाचला नाही. तो त्या थेंबांकडे बघत होता. त्याचे बाबा, जयवंतराव, सकाळी लग्नाला आले होते. जेवताना त्यांच्या अंगठ्याला पट्टी होती. "गाडीच्या दारात सापडला," म्हणाले होते. काळूरामआजोबा पंचा सोडत होते तेव्हा बाबा खांबाशी उभे होते आणि चपलेकडे बघत होते.

आपले बाबा!

पिंजारलेल्या त्या तीन नारळांकडे त्याने पाहिलं. संगीन परत टेबलावर ठेवता आली असती. कोणाला कळलं नसतं. मग त्याने ती बुंध्यातून ओढून काढली, मूठच नसलेल्या त्या बुडाला धरली आणि मांडवात बाबांपुढे जाऊन उभा राहिला.

"बाबा, तुम्ही सांगता की मी सांगू?"

जयवंतरावांचा चेहरा उतरला. "आजी म्हणाल्या, नुसता बसलायस, चार नारळ सोल, आत पहार आहे. मला काय माहीत पहार कशी असते! विचारायची लाज वाटली. मला वाटलं, नव्या पद्धतीची असेल... अंगठ्यात घुसली, तशी सोडणं टाकून झाकून टाकली."

"नव्या पद्धतीची!" लूर्डसआजीने कपाळाला हात लावला. "पहार विचारायला लाज वाटली, आणि दुसऱ्याला लोक चोर म्हणत असताना गप्प राहायला नाही वाटली?"

जयवंतरावांनी पट्टीचा अंगठा मुठीत लपवला. ऑगस्टीनकाकांनी पायात चपला घातल्या. पंचा उघड म्हणणारे तर तेच होते.

सगळे वाडीच्या टोकाला काळूरामच्या घरी गेले. ते विहिरीच्या कठड्यावर बसले होते. काकांनी त्यांना मांडवात चल म्हटलं. "बोला," काळूराम म्हणाले. "इकडंच बोला की. मांडवात कशाला?"

"इथे नाही," काका खाली बघत म्हणाले. "लोक तिथे आहेत."

मांडवात ऑगस्टीनकाकांनी सगळ्यांसमोर हात जोडले. जयवंतरावांनी अंगठा पुढे करून सगळं सांगितलं. मग संकेत उभा राहिला. "मी न विचारता ओरडलो. मला शहाणं दिसायचं होतं."

लूर्डसआजीने त्याच्या पाठीवर थाप मारली. "बापाला उभं करायला छाती लागते, पोरा. शाबास! आणि दीपिका, तुझ्या डोक्याला तर सोन्याने मढवायला हवं!" पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. दीपिकाने मान ताठ केली. संकेतला ती शाबासकी कुठे ठेवावी ते कळेना. दुपारी ह्याच लोकांनी त्याचं पहिलं ओरडणंही ऐकलं होतं.

काळूराम उठून त्याच्यासमोर आले. संकेतने डोळे मिटून घेतले. आता बसणार, आणि बसायलाच हवी!

"सकाळपासून जेवलास का रे?" काळूरामनी विचारलं.

तेव्हा कुठे संकेत हुंदके देऊन रडायला लागला.