जोखीम क्रमांक सतरा

तो आमच्या खोलीत चुकून शिरला, हे मी आधीच सांगून टाकते. नंतर कोणी म्हणायला नको की मी गळ टाकून बसले होते!

आमचा कारखाना शिलाई मशीनचा, आणि मी दुरुस्ती विभागाची प्रमुख. तळमजल्यावरच्या आमच्या लांबट खोलीत बंद पडलेली मशीन येतात आणि चालती होऊन जातात. त्या सकाळी मी एका मशीनचे टाके तपासत होते, तेवढ्यात दार ढकलून एक उंच माणूस आत आला. काखेत कागदांचा गठ्ठा, आणि उजव्या बाहीला एका धाग्यावर लोंबकळणारं बटण.

"सभागृह... हेच ना?"

"सभागृह वरच्या मजल्यावर. आणि ते बटण पडेल आता. हात पुढे करा."

"शर्ट न काढता शिवता येतं?"

"काढायचा असेल तर सभागृहातच जा!"

तो कानापर्यंत लाल झाला. मी सुई ओवली, चार टाके घातले, धागा तोडायला वाकले... बाहीला साबणाचा वास होता, आणि त्याची नाडी चांगलीच पळत होती. माझीही पळत होती, पण माझ्या मनगटावर कोण बोट ठेवणार!

तो मुख्य कार्यालयातून आलेला योजना अधिकारी निघाला. तीन महिन्यांत कंपनीची पुढच्या पाच वर्षांची योजना तयार करायची, ती मंजूर झाली की परत जायचं. दुसऱ्याच दिवशी कारखान्यात त्याचं नाव 'पंचवार्षिक' पडलं.

"पाच वर्षांनी तुमचा विभाग कुठे असेल?" फॉर्म पुढे ठेवून त्याने मला विचारलं.

"इथेच. जिना उतरलं की डावीकडे."

"आणि तुम्ही?"

"हा प्रश्न फॉर्ममध्ये आहे?"

"नाही..." त्याने मान खाली घातली. "असायला हवा होता."

मग काय, मलाही चेव चढला. "असल्या योजना कपाटात जातात हो. मागची अजून तिथेच झोपलीय."

"ती दोघातिघांनी दार लावून लिहिली होती. उद्याचं कोणाला दिसतं? मलाही नाही दिसत. पण योजना करायची म्हटलं की एकमेकांचं तोंड न बघणारे विभाग समोरासमोर बसतात. अडचणी बोलतात. मला तेवढंच हवंय."

किती साधं बोलला! मी तिथेच कामातून गेले.

आणि नेमकी तेव्हाच मार्केटिंगवाली मध्ये आली. मार्केटिंगची प्रमुख, चौथ्या मजल्यावर काचेची खोली. काचेची! म्हणजे आत कोण किती वेळ बसलंय ते सगळ्या जगाला दिसावं. सोमवारी दोन तास. मंगळवारी अडीच. ती त्याला सरळ "अरे, ऐक ना" म्हणायची, आणि हा ऐकायचा. हसताना ती मान मागे टाकायची आणि कानातले लांब लोलक हलायचे. मी त्या मजल्यावर कशाला जायचे, असं विचारू नका. कामं असतात माणसाला.

"आज त्या लोलकांचं वर्णन चौथ्यांदा झालं," रात्री जेवताना वहिनी म्हणाली. "त्याच्याबद्दल बोल की जरा."

"त्याच्याबद्दल कोण बोलतंय? मला काय करायचंय!"

"काही नाही करायचं ना? मग त्या पोळीचे इतके तुकडे का केलेस?"

दादा ताटात बघून हसला. मी ताट घेऊन उठले. मला त्या बाईचा राग येत होता, त्याचा येत होता, आणि सगळ्यात जास्त स्वतःचा. तो जाणार होता, आणि जाईपर्यंतचे दिवस दुसरीच कोणी वापरून संपवत होती.

योजनेचा शेवटचा भाग होता जोखमींचा तक्ता. काय बिघडू शकतं, शक्यता किती, नुकसान किती, जबाबदार कोण आणि उपाय काय, हे प्रत्येक विभागाने लिहायचं. सगळ्यांचा मिळून एकच तक्ता, ज्याने त्याने आपल्या संगणकावरून भरायचा. दुपारी दोनला तो बंद होणार आणि तीनला मोठ्या साहेबांपुढे सभा.

मी सुटे भाग न मिळण्याची जोखीम लिहिली, जुने कारागीर निवृत्त होण्याची लिहिली. मग फाईल घेऊन वर गेले, तर काचेपलीकडे ती त्याच्या खांद्यावर हात ठेवून काहीतरी सांगत होती! अंगाचा नुसता भडका उडाला. तडक खाली आले आणि मनातली मळमळ पुढच्या ओळीत ओतली. लिहायचं आणि पुसून टाकायचं, बस. पण तेवढ्यात एका गिऱ्हाइकाचा फोन आला, त्याच्या मशीनची सुई तिसऱ्यांदा तुटली होती. त्याची समजूत घालून फोन ठेवला तेव्हा दोन वाजून पाच मिनिटं झाली होती. तक्ता बंद.

 त्याला गाठायला धावले, तर तो साहेबांबरोबर आधीच सभागृहात जाऊन बसलेला.

मोठे साहेब म्हणजे शिस्तीचं काम. पडद्यावरची एकेक जोखीम मोठ्याने वाचायची सवय. सोळापर्यंत मी खुर्चीचा हात धरून बसले.

"सतरा," साहेबांनी चष्मा सावरला. "योजना अधिकारी आपला सगळा वेळ काचेच्या खोलीत घालवतात. शक्यता: रोज. नुकसान: भयंकर. कोणाचं: दुरुस्ती विभागप्रमुखाचं. उपाय: सुचत नाही."

 कोणीतरी फिस्सकन हसलं. मी टेबलाखाली शिरू का, असं झालं मला.

"जबाबदार व्यक्तीचा रकाना रिकामा आहे," साहेब गंभीरपणे म्हणाले. "रिकामा रकाना मी मंजूर करत नाही."

"माझं नाव लिहा, साहेब," तो उठून म्हणाला. कान लालबुंद, पण आवाज स्वच्छ. "दुर्लक्ष माझ्याकडूनच झालं."

"आणि उपाय?"

"तो... सभेत सांगण्यासारखा नाही."

हशा उसळला. मी पळाले.

खाली येऊन एका मशीनचं चाक उगाच फिरवत बसले. दार वाजलं. आली ती मार्केटिंगवाली.

"तुझा संशय अगदीच खोटा नव्हता हं," ती टेबलावर टेकली. "मी विचारलं होतं त्याला. आजच. नाही म्हणाला. तीन महिने माझं डोकं खातोय तो, की नवं मॉडेल काढण्याआधी दुरुस्तीवाल्यांना विचारा, कुठे काय तुटतं ते त्यांनाच माहीत. शेवटी मी हात टेकले, योजनेत घातलं ते. दुरुस्ती, दुरुस्ती... मला आधीच कळायला हवं होतं."

मी "सॉरी" म्हटलं. तिने ओठ दाबून मान हलवली आणि गेली. जाताना तिचे डोळे ओले होते, आणि मला पहिल्यांदाच तिचे लोलक दिसले नाहीत.

मग तो आला. या वेळी चुकून नाही.

"योजना मंजूर झाली," तो म्हणाला. "सतरासकट."

"म्हणजे तुम्ही सोमवारी जाणार."

"हो... तिकडचं काम आहेच."

"मग तीन महिने तोंड का उघडलं नाही? सगळ्यांना समोरासमोर बसवत फिरत होतात ना!"

"दुसऱ्यांना बसवणं सोपं असतं हो," तो हळूच म्हणाला. "तुमच्यासमोर बसलो की पुढचा प्रश्नच आठवत नाही. मला तुम्ही आवडता. पहिल्या दिवसापासून. हे कसं मांडायचं, त्याचे तीन आराखडे केले... तिन्ही फाडले."

माझे डोळे भरून आले, आणि रागही आला. तीन आराखडे!

"प्रत्येक योजनेचा दर तीन महिन्यांनी आढावा असतो," तो पुढे म्हणाला. "मी येईन, नक्की..."

"तीन महिन्यांनी? वर्षातून चार वेळा? मी काय कारखाना आहे?"

तो गडबडला. "मग... महिन्याला?"

"ऐका," मी उठले आणि त्याच्या अगदी समोर जाऊन उभी राहिले. "मी मत्सरी आहे. काचेआड तुमच्याशी कोणी हसलं तरी माझं जेवण उडतं. हे आत्ताच सांगून ठेवते. माझंही प्रेम आहे तुमच्यावर, आणि मला दर रविवारी तुम्ही हवे आहात. दर रविवारी!"

"दर रविवारी," त्याने माझा हात हातात घेतला. "आणि बाकीचे सहा दिवस?"

"त्याची योजना करा," मी म्हटलं. "पण या वेळी मला समोर बसवून."