लाल रेघेची ऊब

नकाशा पाहिल्याशिवाय वायर लावायची नाही, हा माझा नियम. सेन्सरचा कुठला पाय पाच व्होल्टचा, म्हणजे वीज आत यायचा, कुठला ग्राउंडचा, म्हणजे ती परत जायचा, हे सांगणारा कागद असतो. त्याला पिनआऊट म्हणतात. पोरं घाईत उलटं जोडतात आणि धूर काढतात. उदगीरला पंधरा वर्षं हेच शिकवतोय. माझ्या हातून एकदाही धूर निघालेला नाही, आणि याची मला चांगली घमेंड होती.

अव्वाची, म्हणजे माझ्या आईची, नजर जाऊन तीन वर्षं झाली. पाण्याच्या टाकीमागं राहणाऱ्या मैत्रिणीकडं, रत्नम्माकडं, कुणाचा हात न धरता जायचं, एवढंच तिचं मागणं. रत्नम्मा दुसऱ्या दिवशी मुलीकडं नांदेडला निघाली होती, कायमची. अडथळा आला की टीं टीं करणारी काठी मी करायला घेतली. सेन्सर एकच होता. जळला असता तर अव्वाचं जाणं राहिलं असतं.

सकाळी कागद पसरून वायरी सोलत होतो. अव्वा शेजारी शेंगा फोडत होती. मध्येच तिनं कागदावरून बोटं फिरवली आणि पहिल्या पायाच्या चित्रापाशी थांबली.

"हितं गरम लिवलंय. पन गार हाय," ती म्हणाली.

छापील, सपाट कागद! मी हसलो. हसता हसता मीटर लावून पाहिलं. कागदावर पाच व्होल्टचा म्हणून छापलेला पहिला पाय ग्राउंडचा निघाला; कागद भलत्याच सेन्सरचा होता. कसं कळलं म्हणून विचारलं, तर आधी शेंगा फोडू लाग म्हणाली.

मग नकाशा मीच काढला, पाच व्होल्टची रेघ लाल पेनानं ओढली आणि तशाच वायरी जोडल्या. काठी बोलायला लागली. अव्वानं ती रांजणाला दाखवली, मोटारसायकलीला दाखवली, मुद्दाम माझ्या पोटाला दाखवली आणि लहान पोरीसारखी हसली.

चारला ती निघाली. मागं यायचं न्हाई, अशी तंबी मला मिळाली होती. नकाशा मांडीवर घेऊन मी उंबऱ्यावर बसलो. काठी वाजली की लाल रेघेवरचं माझं बोट कोमट व्हायचं. ऊन असेल म्हणून सावलीत सरकलो. तरी तेच.

टाकीपलीकडं काठीचा आवाज ऐकू येईना. बोटाला मात्र कळत होतं. हा हापसा. हा उभा टेम्पो. मग लांबलचक ऊब आली आणि फोन वाजला.

"पोचली बघ तुझी अव्वा," रत्नम्मा म्हणाली. "एकटी आली रे."

उंबऱ्यावर बसून मी येड्यासारख्या टाळ्या पिटल्या.

दिवेलागणीला अव्वा परतली, तीही एकटीच. काठी बंद करून मी कोपऱ्यात ठेवली. जेवताना ती रत्नम्माच्या गोष्टी सांगायची थांबेना. नकाशा खणात ठेवावा म्हणून मी उचलला.

रेघ कोमट झाली.

गार. पुन्हा कोमट.

कुणीतरी चालत होतं.

टेम्पो. हापसा. मग लांबलचक ऊब.

अव्वा बोलता बोलता थांबली. दाराकडं तोंड करून खुशीत हसली, आणि सरकून तिनं शेजारी जागा केली.

"रत्नम्मा आली. अजून एक ताट घे," ती म्हणाली.