लंगडी टिकटिक

शेजारच्या भाडेकरूला संगीतातलं कळतं किती, तर गाढवाला गुळाची चव कळते तेवढं. हे घड्याळजीचं मत, आणि आपल्या मतापुढे त्याला कुणाचंच काही पटत नसे. दुपारचे दोन वाजले की भिंतीपलीकडे धांगडधिंगा सुरू व्हायचा, तो थेट चारपर्यंत. कानाला लावलेल्या घड्याळाची टिकटिक ऐकू येईना. ज्याचा कान गेला तो घड्याळजी कसला? दोन गिऱ्हाइकांनी त्यानं दुरुस्त केलेली घड्याळं पुन्हा बिघडली म्हणून परत आणून दिली, तेव्हा त्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

काम चालू असताना घरात आवाज नको, हा त्याचा जुना नियम. वर्षापूर्वी वारलेली बायकोही आजारपणात त्याला हाक मारत नसे. आतल्या खोलीतून चमच्यानं भिंतीवर दोनदा टकटक करायची, बस्स. तिनं निमूट पाळलं, मग सहा महिन्यांपूर्वी आलेला हा उपटसुंभ कोण लागून गेला?

तो तरातरा शेजारी गेला.

"बंद कर ते बोंबलणं!"

"मला तरी कुठे आवडतंय, काका?" भाडेकरू ओशाळला. "पण तुमच्याकडचं ऐकवत नाही हो..."

"माझ्याकडचं? माझ्या घरात टाचणी पडली तरी ऐकू येते!"

भाडेकरूनं गाणं बंद केलं. "ऐका..."

टक टक. जरा थांबून पुन्हा, टक टक.

"रोज दोनला सुरू होतं... आधी जोरात. मग हळू हळू होत जातं... चारला थांबतं." त्याचा आवाज खाली आला. "काका, घरात कुणी आजारी आहे का?"

घड्याळजीच्या तोंडचं पाणी पळालं. हे ठोके त्यानं ऐकले होते. बायको गेली त्या दुपारीच, घड्याळ कानाला लावलेलं असताना. टिकटिक लंगडी पडतेय असं समजून या शहाण्यानं घड्याळ उघडलं, चक्रं पुसली, तेल दिलं, दोन तास दोष शोधला. चारला ठोके थांबले. झालं दुरुस्त, म्हणून स्वतःवर खूश होत तो आत गेला, तेव्हा ती गार पडली होती.

"आत जाऊन बघा ना, काका... बोलावतंय कुणीतरी."

जायला हवं होतं. निदान आता तरी. पण जन्मभर दुसऱ्यांना तुच्छ लेखणारा हा माणूस मुळात भित्रा होता.

"गाणं लाव," तो पुटपुटला. "मोठ्यानं लाव..."

घरी येऊन तो आतल्या खोलीकडे पाठ करून टेबलाशी बसला. भिंती हादरत होत्या, त्याला बरं वाटलं. गिऱ्हाइकाचं बंद पडलेलं घड्याळ त्यानं सवयीनं उचललं आणि कानाला लावलं.

टक टक. जरा थांबून पुन्हा, टक टक...

चावी तर त्यानं अजून दिलीच नव्हती.