डब्यात नसलेलं नाव

थापा मी आयुष्यात पुष्कळ मारल्या. ही त्यांतली नाही.

सोमवार, सकाळचे अकरा. साबण कारखान्याचं गोदाम. लख्ख उजेड. भुताला शोभेल असं तिथं काहीच नव्हतं.

मालाच्या दोन लिफ्ट. दोन्हींचे दोर झिजलेले. सगळ्यांना ठाऊक. साहेबांनी दोर बदलले नाहीत, न्याय सुरू केला. रोज डबा हलवायचा. ज्याची चिठ्ठी निघेल, त्यानं मालाबरोबर वर जायचं. कुणाची तक्रारच नको!

चिठ्ठ्या लिहायचो मी. कारकून ना.

आदल्या शुक्रवारी माझ्या थोरल्या भावाची निघाली.

दोर तुटला.

साहेब घरी आले. वहिनीला म्हणाले, "नशीब हो. चिठ्ठीच त्याची आली, त्याला कोण काय करणार?"

वहिनी म्हणाली, "दोर बदलायचा होता."

साहेबांनी चहा मात्र पूर्ण प्यायला.

सोमवारी दुसरी लिफ्ट. डबा तोच. दादाची चिठ्ठी मी स्वतःच्या हातानं जाळली होती.

साहेबांनी डबा हलवला. चिठ्ठी उघडली...

दादाचं नाव.

"कुणाचा चावटपणा हा?"

दुसरी काढली... दादा.

तिसरी... दादा.

अक्षर माझं. मी लिहिलेलं नव्हतं.



तेवढ्यात लिफ्टचं जाळीचं दार सरकलं... कर्रर्र...

आत कुणी पाय ठेवावा तशी लिफ्ट जराशी खाली बसली.

आत कुणीच नव्हतं.

"योगायोग," साहेब म्हणाले आणि डबा बाजूला ठेवायला लागले.

"मग आणखी एक काढा की," आमचा फिटर म्हणाला. "घाबरता कशाला? नशीबच आहे ना?"

साहेबांनी काढली...

साहेबांचं नाव. ते त्या डब्यात कधी पडलंच नव्हतं.

"चढा साहेब," फिटर म्हणाला. "दार उघडंच आहे."

साहेब चढले नाहीत. नशिबातही वशिला चालतो. चार वर्षं न मिळालेले दोर चार तासांत आले. दोन्ही लिफ्टना, नवे कोरे! माझ्या भावाचं नशीब फक्त तीन दिवस उशिरा उघडलं.

याला वीस वर्षं झाली. साहेबांना दादानं भर दिवसा गाठलं. मला अजून भेटला नाही.

त्याची चिठ्ठी मीच लिहिली होती. मी वाट बघतो. ये, चार शिव्या घाल, कानफटात मार, थोरला आहेस...

तो येत नाही.

माझ्या अंगावर काटा येतो तो यानंच.