तामातीचं गाव हलवलं तेव्हा

ही घटना खरी आहे. इकडून तिकडून कानावर आलेली नाही. जिच्या घरी घडली तिच्याच तोंडून मी ती तीनदा ऐकली, आणि तिन्ही वेळा तिच्या सांगण्यात एका शब्दाचा फरक पडला नाही.

मेरेआना माझी शेजारीण. छत्तीस वर्षं आमच्या दोघींच्या अंगणांमध्ये एकच कुंपण आहे.

गाव कावेराऊ, न्यूझीलंडमधलं. दिवस चौदा मे २०१६, शनिवार. भुतांच्या गोष्टी रात्रीच्या असतात म्हणतात.

ही भर दुपारी घडली...

मेरेआनाचा धाकटा मुलगा तामाती त्याच वर्षी फेब्रुवारीत गेला. जंगलात लाकूडतोडीच्या टोळीवर होता. झाड पडायचं होतं एका बाजूला, पडलं दुसऱ्या बाजूला. एकोणतीस वर्षांचं पोर. लहानपणी आमच्या प्लमच्या झाडावरून पडून त्याचा हात मोडला होता, तेव्हाही मुठीतली प्लम त्याने सोडली नव्हती. असा चिवट.

त्याला एकच नाद होता. कॉम्प्युटरवरचा एक खेळ. नदीकाठी रिकामी जमीन मिळते, तिथे आपण गाव वसवायचं. घरं बांधायची, धक्का बांधायचा, शेती करायची. नऊ वर्षं तो एकच गाव वसवत होता.

शेवटची तीन वर्षं मेरेआनाही त्यात होती. तिचे गुडघे गेले, खरी बाग सुटली, तेव्हा तामातीने तिला दुसरा कंट्रोलर हातात दिला आणि गावात तिचा एक माणूस बनवला. तिने काय करावं? त्याने इतक्या हौसेने बांधलेल्या चौकात रताळी लावली. तो चिडवायचा, "राणीसाहेब, उद्या माझ्या पलंगाखालीही लावाल." ती म्हणायची, "लावीन. तू झाडत तर नाहीसच तिथे."

दोघांपैकी एकजणच खेळत असला, की दुसऱ्याचा माणूस आपल्या घरात पलंगावर झोपलेला दिसायचा. खेळाची पद्धतच तशी.

तामाती गेल्यावर मेरेआना रोज दुपारी तो कॉम्प्युटर लावायची. आपला माणूस चालवत त्याच्या घरी जायची. तो पांघरूण घेऊन, भिंतीकडे तोंड करून झोपलेला असायचा. ती घटकाभर बघायची आणि दार लोटून बाहेर यायची.

तिचं एवढंच उरलं होतं.

आणि तो कॉम्प्युटर मरायला टेकला होता. फेब्रुवारीत पंखा बदलून आणला होता, तरी अर्ध्या तासात तापायचा आणि फट्‌कन बंद पडायचा. मेरेआनाची थोरली, हुइया, शाळेच्या ऑफिसात कामाला आहे. तिने पैसे साठवून नवा कॉम्प्युटर आणला. म्हणाली, आई, रडू नकोस, सगळं गाव पेन ड्राइव्हवर घेऊ आणि इकडे टाकू. दहा मिनिटांचं काम.

जेवणाच्या टेबलावर दोन्ही शेजारी शेजारी मांडले. जुना डावीकडे, नवा उजवीकडे. स्पीकरची जोडी एकच होती, ती हुइयाने काढून नव्याला लावली.

फोल्डर सापडला. पेन ड्राइव्हवर आला. नव्यावर टाकला. खेळ उघडला.

नदी आली. धक्का आला. चौकातली रताळी आली, हिरवीगार. मेरेआनाच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने आपला माणूस तामातीच्या घराकडे चालवला, दार उघडलं...

पलंग रिकामा होता.

पांघरूण घडी घालून उशाशी ठेवलेलं.

हुइया म्हणाली, त्याचा कंट्रोलर जोडला नाही म्हणून असेल. तिने तोही जोडला. खेळाने विचारलं, नवीन माणूस बनवायचा का?

"नको," मेरेआना म्हणाली. "नवीन नको मला."

काहीतरी राहिलं असेल, पुन्हा करू, असं म्हणत हुइयाने जुना चालू केला. आधी खेळ उघडून तिकडे तरी सगळं नीट आहे ना, ते बघायचं ठरलं.

तिकडे तो होता.

पण झोपलेला नव्हता...

पलंगाच्या कडेवर बसला होता. पायात बूट घालून.

हुइयाने खेळ बंद करून फोल्डरवरची तारीख बघितली. शेवटचा बदल आजचा, दुपारी दोन चाळीसचा. दोन चाळीसला दोघी नव्या कॉम्प्युटरसमोर बसल्या होत्या. जुना बंद होता.

"आई, तू काही दाबलंस का?"

"माझे दोन्ही हात तुझ्यासमोर होते."

हुइयाने दुसऱ्यांदा फोल्डर उचलला. तो पेन ड्राइव्हवर गेला न गेला, तोच पंखा किंचाळला आणि कॉम्प्युटर बंद पडला. अकरा मिनिटं चालला होता.

नव्यावर टाकून बघितलं. नदी, धक्का, रताळी. पलंग रिकामा.

जुना निवायला अर्धा तास गेला. हुइयाने फ्रीजरमधली मटारची पिशवी आणून त्याच्या डोक्यावर ठेवली. "तापात तामातीच्या कपाळावर तू हीच ठेवायचीस," असं बोलून गेली, आणि मग तिचं तिलाच कसंतरी झालं.

तिसऱ्यांदा लावला.

तो आता उठून दाराशी उभा होता.

त्याच वेळी आवाज आला. लाकडी फळ्यांवरून कोणी ओल्या बुटांनी चालावं तसा. सावकाश. टप्... टप्... टप्...

मेरेआनाला वाटलं, खेळातला असेल. तसा आवाज खेळात होताच. पण हुइयाचा चेहरा पांढरा पडला होता.

"आई, स्पीकर नव्याला लावलेत."

नवा बंद होता.

आवाज कुठून येतोय ते कळेना. कधी टेबलाखालून वाटे, कधी पॅसेजमधून. मेरेआनाचा म्हातारा कुत्रा दुपारभर पायाशी घोरत पडला होता. तो जागेवर नव्हता. हाक मारली तरी आला नाही. आणि गावातल्या कागदाच्या गिरणीची घरघर... कावेराऊत राहणाऱ्याला ती ऐकूच येत नाही, इतकी ती अंगात मुरलेली असते. ती थांबलेली तेवढी ऐकू येते.

ती थांबली होती.

सात मिनिटांत जुना पुन्हा बंद पडला. बुटांचा आवाजही थांबला. गिरणी सुरू झाल्यासारखी वाटली.

हुइयाने एरुएरामामाला फोन केला.

एरुएरा म्हणजे मेरेआनाचा थोरला भाऊ. गिरणीत फिटर होता. निवृत्त झाल्यापासून घराण्यातल्या प्रार्थना तोच म्हणायचा. तेव्हा शहात्तर वर्षांचा, स्वभावाने मिस्कील. आत येताना म्हणाला, शनिवारच्या मॅचमधून उठवलंत, निदान चहाबरोबर तळलेली रोटी तरी द्या. मग टेबल बघितलं, दोघींचे चेहरे बघितले, आणि चहाचं नाव काढलं नाही.

हुइयाने सगळं सांगितलं. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग एकच प्रश्न विचारला.

"तामातीला पुरून आलो आणि हे घर तुडवलं, तेव्हा हा डबा कुठे होता?"

मेरेआनाच्या लोकांत दफनाहून परतल्यावर घर तुडवतात. वडीलधारा माणूस पुढे प्रार्थना म्हणत, पाणी शिंपडत खोली न् खोली फिरतो, बाकीचे त्याच्यामागून पाय आपटत जातात. कपाटंसुद्धा उघडतात. गेलेल्याला सांगायचं असतं, बाबा रे, तुझं इथलं संपलं, आता नीघ. मग सगळे त्याच घरात बसून पोटभर जेवतात. त्या दिवशी मीही पाय आपटत हिंडले होते. डुकराच्या हाडांचं मोठं पातेलं आमच्याच चुलीवर शिजलं होतं.

मेरेआनाने आधी हुइयाकडे बघितलं.

"फाकातानेला होता, दादा. दुरुस्तीला. तामातीच टाकून आला होता, जायच्या आदल्या सोमवारी. हुइयाने पंधरा दिवसांनी आणला."

"आणि तुम्ही तो तसाच घरात घेतलात."

"कोणाच्या लक्षात आलं नाही."

एरुएराने जुन्या कॉम्प्युटरवर तळहात ठेवला. मग म्हणाला, सगळ्या घराला सांगितलं, ह्याला सांगायचं राहिलं. पोराला कोणी नीघ म्हटलंच नाही. तो वाट बघत बसलाय. आता सांगतो.

मेरेआना म्हणाली, सांग, पण आधी एकदा त्याला इकडे घेऊ दे. मग काय सांगायचं ते सांग.

"तू त्याला नेतेस कुठे, मेरेआना?"

"कुठे म्हणजे? ह्या टेबलाच्या त्या बाजूला."

"त्याला तेवढंच जायचं नाहीये, बाई."

तिला सगळं समजत होतं. तीही त्यांच्यातलीच, अशी कितीतरी घरं तिने स्वतः तुडवली होती. दुसऱ्यांच्या मुलांना तिने ठणकावून नीघ म्हटलं होतं. पण रोज दुपारी दार उघडलं की पाठ करून झोपलेला तो... ते आज संपणार होतं. तिने प्रार्थनेला मान हलवली.

चौथ्यांदा लावला. हुइया मटारची पिशवी दोन्ही हातांनी दाबून उभी राहिली.

घर रिकामं. अंगण रिकामं. मेरेआनाने माणूस चालवत चालवत धक्क्यापर्यंत नेला.

तिथे तो उभा होता.

त्या खेळात माणसांची पाठच दिसते. नऊ वर्षांत त्याचं तोंड कोणी बघितलं नव्हतं.

तो वळला...

मेरेआना एवढंच सांगते, की तो वळला. पुढे काय दिसलं ते तिन्ही वेळा मी विचारलं. तिन्ही वेळा ती कुंपणापलीकडे बघत राहिली.

एरुएराने पाणी शिंपडून प्रार्थना सुरू केली. आवाज मोठा, खणखणीत. हुइयाने डोळे मिटले. एरुएराचेही मिटलेले होते. वाटेचे शब्द आले, निरोपाचे आले, आता जा असं म्हणायची ओळ जवळ आली.

आणि मेरेआनाच्या हाताने खेळ मिटला, फोल्डर उचलला, पेन ड्राइव्हवर टाकला.

ती म्हणते, मी ठरवलं नव्हतं. हात गेला. पोर रस्त्यावर धावलं की आईचा हात जातो, तसा गेला.

पडद्यावरची हिरवी पट्टी भरायला लागली. इकडे भाऊ त्याला जा म्हणत होता. तिकडे ती त्याला ओढत होती. पट्टी निम्म्यावर आली...

पंखा किंचाळला नाही. काहीच वाजलं नाही. नुसता अंधार झाला पडद्यावर.

चार मिनिटंही झाली नव्हती. त्यानंतर तो कॉम्प्युटर कधीच चालू झाला नाही.

एरुएराने प्रार्थना संपवली, सगळ्यांच्या हातांवर पाणी घातलं. हुइयाने रोट्या तळल्या, कारण ह्यानंतर खाल्ल्याशिवाय उठायचं नसतं. एरुएराने एक तुकडा तोडला आणि तसाच हातात धरून बसला.

"प्रार्थना पोचली की कळतं," तो हळूच म्हणाला. "आज कळलं नाही. मध्येच कोणीतरी हात धरल्यासारखं झालं."

मेरेआना चहात साखर ढवळत राहिली. पेन ड्राइव्ह तिच्या ॲप्रनच्या खिशात होती.

एरुएराने जुना कॉम्प्युटर गोधडीत गुंडाळून नेला आणि तामातीच्या कबरीशेजारी पुरला. घर पुन्हा तुडवलं. हुइयाला वाटलं, मिटलं सगळं. ती पेन ड्राइव्ह तिला तरी कुठली आठवतेय? तिच्या लेखी त्यावर दुपारचं आधीचंच गाव.

एरुएरा दोन वर्षांपूर्वी वारला. काय झालं होतं ते मेरेआनाने त्याला शेवटपर्यंत सांगितलं नाही.

आणि तिने ती पेन ड्राइव्ह आजवर कशालाच लावली नाही. मी एकदा म्हटलं, अगं, एकदाचं बघून टाक.

"काय बघू?" ती म्हणाली. "तो तिथे नसला, तर संपलं. असला, तर त्याला जा म्हणायला आता कोण आहे? मला म्हणायचं होतं, तेव्हा मी काय केलं ते तुला ठाऊक आहे." जरा थांबून म्हणाली, "आणि निम्माच असला तर?"

 

मागच्या आठवड्यात तिला गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी टाउरांगाला नेलं. निघताना ती कुंपणापाशी आली आणि तिने मूठ माझ्या हातात रिकामी केली. पेन ड्राइव्ह गरम लागली. तिच्या मुठीत होती म्हणून असेल, असं मला वाटलं.

मी ती माझ्या कपाटात, लोकरीच्या गुंड्यांमागे ठेवली. माझ्या घरात कॉम्प्युटर नाही. कधीच नव्हता.

आज नऊ दिवस झाले. सकाळी लोकर काढताना बोट लागलं...

चालू कॉम्प्युटरमधून नुकतीच काढावी, तेवढी गरम आहे.