ओट्यापाशीचा थर

बडोद्याच्या गोत्री भागातल्या त्या सोसायटीची लिफ्ट नेमकी शुक्रवारीच बंद होती. मोहना चौथ्या मजल्यावर पोचली तेव्हा तिला चांगलीच धाप लागली होती आणि बगलेतली ट्रेसिंग पेपरची गुंडाळी निम्मी घसरली होती. दुपारचे पावणेचार. थरमोजणीला हीच वेळ बरी. गेलेली माणसं मध्यरात्री भेटतात असं ज्यांना वाटतं त्यांनी खुशाल जागरणं करावीत. घरातलं माणूस चहाच्या वेळेला घरात सापडतं, हा मोहनाचा वीस वर्षांचा अनुभव.

थरमोजणी म्हणजे काय, हे तिला दर घरी सांगावं लागे. जागा एकच, पण तिच्यावर दिवसांचे थर बसलेले असतात. दोरीला टांगलेला पितळी ओळंबा धरून खोलीभर फिरायचं. वारा नसताना तो जिथे हलेल, तिथे थर पातळ. तिथे थांबून कान द्यायचा आणि कोण कुठे उभं आहे, काय बोलतंय, ते कागदावर मांडायचं. नियम एकच. मागचे थर काढून द्यायचे; पुढचा, अजून न आलेल्या दिवसाचा लागला तर ओळंबा गुंडाळून घरचा रस्ता धरायचा. पण मागचा कुठला नि पुढचा कुठला, हे ओळंब्याला कळत नाही. ते बोलण्यावरून ओळखावं लागतं.

"या, मोहनाबेन!" दत्ताजीराव दारातच उभे होते. वय पंचाहत्तर, पण आजोबा गायकवाडी फौजेत होते याचा ताठा अजून पाठीत. मंगळवारी नवी कवळी बसली होती, आणि प्रत्येक 'स'ला बारीक शिट्टी वाजत होती. तिचं त्यांनाच हसू येत होतं.

"रविवारी लेक येतेय, भक्ती, कॅनडाहून. सोमवारी मला घेऊन जाणार. फ्लॅट विकला. सामानाचं काही नाही हो… पण कौशल्या इथेच राहते ना! दोनदा निघतो म्हणालो आणि दोनदा पाय अडला. तिची एक दुपार कागदावर द्या, मग मी सुखानं जातो."

त्यांच्या पत्नीला, कौशल्याबाईंना, जाऊन दीड वर्ष झालं होतं. स्वयंपाकघरात बांधलेली खोकी होती, ओटा रिकामा होता, गॅसची शेगडीसुद्धा काढून नेलेली. मोहनानं खिडकी लावली आणि दोरी सोडली. ओट्याच्या डाव्या टोकाशी ओळंबा हलला. आधी अगदी जरासा, मग सावकाश, ठाम.

पहिल्यांदा वास आला. उकळत्या चहाचा, त्यात गवती चहा. मग बांगड्या वाजल्या.

"अहो…" कुणीतरी शेजारीच म्हणालं. "काले भक्तीचं विमान ना?"

दत्ताजीरावांनी खोक्याचा आधार घेतला. त्यांचे डोळे भरून वाहू लागले आणि चेहरा मात्र हसत होता. "तीच…" ते कुजबुजले. "दोन वर्षांपूर्वी भक्ती दिवाळीला आली होती, तेव्हाचं हे."

मोहनालाही बरं वाटलं. तिनं कागदावर ओट्याची रेघ ओढली, तिच्यापाशी एक टिंब दिलं आणि लिहिलं, 'दोन वर्षांपूर्वी'. 'काले'कडे तिनं लक्षच दिलं नाही. बडोद्यातल्या मराठी घरांत गुजरातीतला हा शब्द सर्रास चालतो, आणि तो काललाही चालतो, उद्यालाही.

तेवढ्यात उत्तर आलं.

"हो. सकाळी साडेसातला."

तीनही 'स'ना शिट्टी वाजली.

मोहनानं 'दोन वर्षांपूर्वी'वर काट मारली. दोन वर्षांपूर्वी कवळी नव्हती. भक्तीचं विमान परवा, म्हणजे हे बोलणं उद्याचं. उद्या, शनिवारी, या वेळेला, दत्ताजीराव आणि कौशल्याबाई… दोघंही गेलेल्यांत.

"काका, हा पुढचा आहे," ती कशीबशी म्हणाली. "आज सयाजीगंजला माझ्या घरी चला. इथे थांबू नका."

दत्ताजीरावांना ते तिच्या आधी कळलं होतं. ते खोक्यावर नीट टेकून बसले. महिनाभराच्या आवराआवरीत आज प्रथमच त्यांचे खांदे सैल पडले होते.

"कौशल्या इथे चहा ठेवतेय," ते हळूच म्हणाले, "आणि मी सयाजीगंजला येऊ?"

"भक्तीला काय सांगू मी?"

"सांगा, बाबा खुशीत होते. खोटं नाहीच ते."

त्यांच्या चेहऱ्यावरचं समाधान इतकं खरं होतं की घटकाभर तिला त्यांचा हेवा वाटला. मग तिनं मन घट्ट करून दोरी गुंडाळायला घेतली. ओळंबा मुठीत आला तरी आतल्या आत हलत होता.

ओट्यावर कप ठेवल्याचा आवाज झाला. एक… दोन… जरा थांबून, तीन.

"आणि तुला गं?" कौशल्याबाईंनी मायेनं विचारलं. "साखर किती?"

दत्ताजीरावांनी मान वळवून मोहनाकडे पाहिलं. तिचे ओठ गच्च मिटलेले होते.

"अर्धा चमचा, काकू," ओट्यापाशी, उद्याच्या थरातून, मोहनाचाच आवाज म्हणाला, आणि त्यात भीती अजिबात नव्हती.